आधी वाक्य लिही, चिन्हं नंतर

शून्य आणि पर्यायी परिकल्पना कशा मांडायच्या यात गोंधळ होणं साहजिक आहे, सुरुवातीला बहुतेकांचा होतो. सूत्रं बाजूला ठेव आणि दुधाची पिशवी डोळ्यांसमोर आण. वर छापलंय ५०० मिली. ग्राहकाला शंका आहे की दूध कमी भरतात. ही शंका, म्हणजे ज्यासाठी पुरावा शोधायचा ते, हीच पर्यायी परिकल्पना: म्यू (सगळ्या पिशव्यांमधल्या दुधाची खरी सरासरी) ५०० पेक्षा कमी. शून्य परिकल्पना, म्हणजे पुरावा मिळेपर्यंत धरून चालायचं ते: म्यू बरोबर ५००. पिशव्या भरणारं यंत्र सांभाळणाऱ्याला मात्र कमीही नको आणि जास्तही नको, म्हणून त्याची पर्यायी परिकल्पना 'म्यू ५०० नाही' अशी होते. पिशवी तीच, प्रश्न वेगळा.

नेहमीच्या चुका:

- ३० पिशव्यांची सरासरी ४९६ आली म्हणून परिकल्पनेत ४९६ लिहिणं. परिकल्पना समष्टीच्या (म्हणजे सगळ्याच पिशव्यांच्या) माध्याबद्दल, म्हणजे सरासरीबद्दल असते. नमुन्याचा (तपासलेल्या ३० पिशव्यांचा) माध्य तर आपल्या हातातच असतो, त्याबद्दल अंदाज कशाला? सगळ्यात जास्त घसरतात ते इथेच.
- बरोबरचं चिन्ह (=) पर्यायी परिकल्पनेत टाकणं.
- आकडे बघून मग दिशा (कमी, जास्त की नुसतं वेगळं) ठरवणं. हे अजिबात नको.

आणि 'शून्य परिकल्पना सिद्ध झाली' असं कधी लिहू नकोस; 'ती नाकारण्याइतका पुरावा मिळाला नाही' असं लिही. टी चाचणी की झेड चाचणी, पी-मूल्य वगैरे आकडेमोड नंतर बघू. आधी अशी पाच उदाहरणं नुसत्या शब्दांत मांडून दाखव.