रोम पायी बघताना: वाचकांचे प्रश्न, जाणकारांची उत्तरं

रोमला जाणाऱ्या वाचकांची पत्रं या वेळी बरीच आली. बहुतेकांना एकच विचारायचं आहे: स्वतंत्र गाइड घेऊन शहर पायी बघायचं, तर ते नीट कसं जमवायचं? एकसारखे प्रश्न एकत्र करून उत्तरं दिली आहेत.

प्रश्न: आम्ही दोन जोडपी आणि 11 व 15 वर्षांची दोन मुलं. रोममध्ये चार दिवस आहोत. मोठ्या ग्रुपऐवजी खासगी गाइड परवडेल का? आणि गाइड अधिकृत आहे हे कसं ओळखायचं?

मोठ्या ग्रुपमध्ये दर माणशी असतो. खासगी गाइडचा दर सहसा अख्ख्या गटाचा आणि तासांवर ठरलेला असतो, बहुधा किमान तीन तासांचा. दोघांना तो महाग पडतो, सहा जणांत विभागला की फरक बराच कमी होतो. मात्र आकडा ऐकून लगेच होकार देऊ नका. त्यात प्रवेशतिकिटं, आरक्षण शुल्क आणि कानात लावायचे हेडसेट धरले आहेत का, आणि ठरल्यापेक्षा तास वाढला तर किती, हे लेखी मागून घ्या. ‘स्किप द लाइन’ या शब्दांवरही फार विसंबू नका. रांग चुकते ती तिकीटखिडकीची. सुरक्षा तपासणीची रांग कोणालाच चुकत नाही.

चारही दिवस गाइड घेण्याची गरज नाही. एक सकाळ कोलोसियम आणि फोरमला (प्राचीन रोमच्या मुख्य चौकाचे अवशेष), आणि एक सकाळ व्हॅटिकनला, एवढं पुरेसं आहे. या दोन ठिकाणी सांगणारं कोणी नसेल, तर दगडांचे ढीग आणि माणसांची गर्दी यापलीकडे फारसं काही हाती लागत नाही. उरलेलं जुनं शहर तुमचं तुम्हाला फिरता येतं. साडेतीन-चार तासांनंतर मुलंच काय, मोठेही ऐकायचे थांबतात, म्हणून ‘एका दिवसात संपूर्ण रोम’ असली सहल टाळाच.

अधिकृतपणाबद्दल: इटलीत गाइडचा परवाना वेगळा आणि टूर मॅनेजरचं काम वेगळं. पर्यटकांना सोबत घेऊन फिरणाऱ्या माणसाला स्मारकांची माहिती सांगायचा अधिकार असतोच असं नाही. भारतातून सोबत आलेला टूर मॅनेजर फोरममध्ये उभं राहून व्याख्यान देऊ लागला, तर त्याला अडवलं जाऊ शकतं. 2023 च्या कायद्यानं गाइडसाठी देशपातळीवरची परीक्षा आणि नोंदणी आणली आहे. आरक्षणाआधी परवान्याचा क्रमांक मागा, आणि प्रत्यक्ष भेटीत गळ्यातलं ओळखपत्र बघा.

कागद खरा असला तरी जाण कितपत आहे, हे पारखायला एक सोपा प्रश्न आहे. पियात्सा नवोना चौकात शिल्पकार बर्निनीचं चार नद्यांचं कारंजं आहे. त्यातल्या एका नदीदेवाचा हात वर आहे. समोरचं वास्तुकार बोरोमिनीचं चर्च अंगावर कोसळेल या भीतीनं त्यानं तो उचलला, अशी गोष्ट तिथे रोज सांगितली जाते. कारंजं 1651 मध्ये पूर्ण झालं आणि त्या चर्चचं काम 1652 मध्ये सुरू झालं, तेव्हा ही गोष्ट खरी असणं शक्यच नाही. गंमत म्हणून गोष्ट सांगून पुढे तारखाही सांगणारा गाइड चांगला. जाता जाता, त्या चार नद्यांत आपली गंगाही आहे. हातात वल्हं असलेला पुरुष शोधा, तीच ती.

प्रश्न: गाइडनं सगळ्यांची पासपोर्टवरची नावं मागवली आहेत. तिकिटासाठी नावं कशाला? मुलांना मोफत प्रवेश आहे, मग त्यांची तिकिटं कशाला काढायची?

गाइडचं बरोबर आहे. कोलोसियमची तिकिटं ऑक्टोबर 2023 पासून नावानिशी दिली जातात आणि दारात ओळखपत्राशी ताडून पाहतात. गोंधळ होतो तो आपल्या नावांमुळे. पासपोर्टवर वडिलांचं किंवा पतीचं नाव मधे असतं, काहींचं आडनावच आधी छापलेलं असतं, आणि घरातला कोणीतरी घाईत रोजच्या वापरातलं नाव कळवतो. नाव पासपोर्टवर जसं आहे, अक्षरन् अक्षर तसंच कळवा. पासपोर्टच्या पानाचा फोटो पाठवला तर उत्तमच. त्या दिवशी मूळ पासपोर्ट हॉटेलच्या तिजोरीत ठेवून येऊ नका.

अठरा वर्षांखालच्यांना प्रवेश मोफत असला, तरी त्यांच्या नावाचं शून्य किमतीचं तिकीट काढावंच लागतं, कारण आत एका वेळी किती माणसं सोडायची ते मोजलेलं असतं. मुलांचे पासपोर्टही सोबत हवेत. ऑनलाइन विक्री साधारण तीस दिवस आधी उघडते आणि सकाळच्या वेळा लवकर संपतात. म्हणून गाइड आधी ठरवा, मग तिकिटं. उलटं केलंत तर तुमच्या हातातली वेळ आणि गाइडची मोकळी वेळ जुळत नाही.

तिकिटावरची वेळ कोलोसियमच्या दाराची असते. फोरम आणि पॅलाटिन टेकडी त्याच तिकिटात येतात. उन्हाळ्यात आधी कोलोसियम घ्यावं की आधी फोरम, हे सावलीवर ठरवा. फोरममध्ये सावली जवळजवळ नाही, तेव्हा सकाळी नऊच्या सुमारास फोरम आणि अकराच्या सुमारास कोलोसियम हा क्रम बरा पडतो. तपासणीत वेळ जातो, त्यामुळे ठरलेल्या वेळेच्या अर्धा तास आधी दाराशी असा. काचेच्या बाटल्या आणि मोठ्या सॅक आत नेता येत नाहीत. सामान ठेवायची सोयही तिथे नाही.

आत जाण्याआधी बाहेरच पाच मिनिटं थांबा. उत्तरेकडच्या शाबूत भिंतीत कमानींवर कोरलेले रोमन आकडे दिसतात, 23 पासून 54 पर्यंत. प्रेक्षकानं आपल्या आकड्याच्या कमानीतून आत जायचं, अशी ती व्यवस्था होती. मुलांना 54 शोधायला सांगा. शाळेत शिकवतात तसा तो एल-आय-व्ही असा नाही, एल आणि पुढे चार उभ्या रेघा असा आहे. भिंतभर दिसणारी भोकं म्हणजे दगड सांधणाऱ्या लोखंडी पकडी मध्ययुगात उपसून काढल्याच्या खुणा.

प्रश्न: आई 72 वर्षांची आहे, गुडघे दुखतात. पायी सहल तिला झेपेल का?

अंतरापेक्षा जमिनीचा त्रास जास्त. जुन्या रोममध्ये रस्त्यांवर काळ्या बेसाल्टचे छोटे चौकोनी दगड बसवलेले आहेत. त्यांच्या फटींत काठीचं टोक आणि सँडलची टाच अडकते, आणि पाऊस पडला की दगड निसरडे होतात. फोरममधला प्राचीन रस्ता तर मोठ्या, उंचसखल शिळांचा. पॅलाटिन ही चढणच. हे दोन्ही आईंसाठी सोडून द्यावेत, असं आमचं स्पष्ट मत आहे. फोरम वरून बघता येतं: कॅपिटोलिन टेकडीवर सिनेटच्या राजवाड्याच्या बाजूनं मागे गेलं की संपूर्ण फोरम पायाशी दिसतं, तेही तिकिटाविना. गाइडनं तिथे कठड्याशी उभं राहून समजावलं, तर आत भटकण्यापेक्षा नकाशा जास्त नीट कळतो. टेकडीपर्यंत टॅक्सीनं या आणि थोडंच चढा. कोलोसियममध्ये वरच्या मजल्यासाठी लिफ्ट आहे.

आईंसोबतच्या सहलीसाठी टायबर नदीच्या वळणातला सपाट भाग निवडा. सुरुवात पियात्सा नवोनात करा. हा चौक लांबट आणि एका टोकाला गोलसर आहे, कारण सम्राट डोमिशियनच्या स्टेडियमच्या प्रेक्षागृहाच्या पायावरच भोवतीची घरं उभी आहेत. उत्तरेच्या टोकाला बाहेरच्या बाजूनं गेलं, तर रस्त्यापेक्षा खाली त्या स्टेडियमच्या कमानी दिसतात. तिथून सान लुइजी देई फ्रांचेझी चर्च, मग पँथिऑन (प्राचीन रोमन मंदिर, आता चर्च), मग त्रेवी कारंजं. एकूण दीड किलोमीटरही भरत नाही. बसायला चौकात दगडी बाकं आहेत, चर्चमध्येही बाकं आहेत. गाइडला आधीच सांगा: दर वीस मिनिटांनी बसायचं आणि सांगणं बसल्यावर करायचं. उभं राहून ऐकणं चालण्यापेक्षा गुडघ्याला जड जातं.

पँथिऑनला जुलै 2023 पासून तिकीट आहे. शनिवारी संध्याकाळी आणि रविवारी सकाळी प्रार्थना असते, तेव्हा पर्यटकांना आत सोडत नाहीत. घुमटाचा व्यास आणि जमिनीपासूनची उंची सारखीच, 43.3 मीटर. वरचं सुमारे 9 मीटरचं भोक उघडंच आहे, पाऊस थेट आत पडतो. म्हणून फरशी मधे किंचित फुगीर आहे आणि तिच्यात पाणी निचरायला बारीक छिद्रं आहेत. मान वर करून कंटाळा आला की आईंना ती छिद्रं शोधायला सांगा.

प्रश्न: मागच्या खेपेला चर्चमधली चित्रं बघायला गेलो तर दुपारी दार बंद. पुन्हा गेलो तर आत इतका अंधार की काही दिसेना. यावर उपाय?

बरीच चर्चं साडेबारा-एकला बंद होतात आणि तीन-चारला उघडतात. व्हॅटिकनमधल्या सेंट पीटर्ससारखी मोठी बॅसिलिका (मानाचं चर्च) दुपारीही उघडी असते, छोट्या चर्चचा भरवसा नाही. म्हणून पायी सहलीचा आराखडा चर्चपासून सुरू करायचा: सकाळी चर्चं, दुपारी चौक, कारंजी आणि उघडी अवशेषस्थळं. रविवारी सकाळी चर्चं उघडी असली तरी प्रार्थना चालू असते. त्या वेळी चित्रांसमोर घोळका करून उभं राहणं योग्य नाही.

अंधाराचा उपाय खिशात ठेवायचा: एक युरोची चार-पाच नाणी. सान लुइजीमध्ये डाव्या हाताच्या शेवटच्या चॅपेलमध्ये (कडेच्या छोट्या प्रार्थनादालनात) चित्रकार काराव्हाज्जोची संत मॅथ्यूवरची तीन चित्रं आहेत. कठड्याजवळ एक पेटी असते. नाणं टाकलं की दिवे लागतात आणि थोड्याच वेळात विझतात. बहुतेक जण दुसऱ्याच्या नाण्याची वाट बघत अंधारात ताटकळतात. डावीकडच्या चित्रात, येशू मॅथ्यूला बोलावतो त्या प्रसंगात, उजेड उजवीकडून तिरपा येतो. चॅपेलची खरी खिडकीही वेदीच्या वर, म्हणजे त्या चित्राच्या उजव्या बाजूलाच आहे. दिवे विझल्यावर त्या खिडकीकडे बघा, चित्रकारानं उजेड कुठून घेतला ते कळेल.

प्रश्न: व्हॅटिकनमध्ये गाइड सिस्टीन चॅपेलबद्दल आत काहीच बोलणार नाही म्हणतो. मग पैसे कशाचे?

आत बोलायला मनाई आहे, गाइडलाही. फोटोलाही मनाई आहे. त्यामुळे चांगला गाइड आधीच पिन्याच्या अंगणात, जिथे काशाचं भलंमोठं पाइनचं फळ आहे, तिथल्या चित्रफलकांसमोर सगळं समजावून देतो: छतावर कोणता प्रसंग कुठे, वेदीमागच्या भिंतीवर काय. हा भाग घाईत उरकला, तर आत गेल्यावर तुम्ही नुसते छताकडे बघत राहाल. तेव्हा तिथे निदान वीस मिनिटं द्यायला सांगा.

वार जपून निवडा. व्हॅटिकनचं संग्रहालय (सिस्टीन चॅपेल त्यातच येतं) रविवारी बंद असतं. महिन्याच्या शेवटच्या रविवारी मात्र मोफत असतं, आणि त्या दिवशी गर्दीपुढे गाइडचंही काही चालत नाही. बुधवारी सकाळी पोपची सार्वजनिक भेट असली की सेंट पीटर्समध्ये प्रवेश उशिरा मिळतो. संग्रहालयाचं दार आणि सेंट पीटर्सचा चौक एकाच जागी नाहीत. तटबंदीला वळसा घालून पंधरा-वीस मिनिटं चालावं लागतं, आणि भेटीची जागा चुकते ती इथेच. सिस्टीनमधून थेट बॅसिलिकेकडे जाणारा एक मार्ग गाइडसोबतच्या गटांसाठी असतो, पण तो नेहमी उघडा असतोच असं नाही. संग्रहालयाचा ऑडिओ गाइड घेतला असेल किंवा बॅग सामानघरात ठेवली असेल, तर त्या मार्गानं बाहेर पडून उपयोग नाही, परत दाराशी यावंच लागतं. खांदे आणि गुडघे झाकलेले हवेत. एक ओढणी सोबत असली की काम भागतं.

प्रश्न: पाणी, स्वच्छतागृह आणि टीप?

पाणी विकत घेऊ नका. शहरभर ‘नाझोनी’ नावाचे ओतीव लोखंडाचे नळ आहेत, सुमारे अडीच हजार. पाणी अखंड वाहतं आणि पिण्याजोगं असतं. तोटीचं टोक बोटानं दाबलं की वरच्या बारीक भोकातून धार उसळते. तोंड लावायची गरज पडत नाही. स्वच्छतागृह कोलोसियम आणि व्हॅटिकन संग्रहालयात आहे, तिथे जाऊनच बाहेर पडा. एरवी कॅफेत उभ्यानं कॉफी घ्यावी आणि तिथलं वापरावं. टीप सक्तीची नाही. गाइडनं वेळेपेक्षा जास्त थांबून काम केलं असेल, तर द्या.