ह्वांग जांग-ली एवढा जबरदस्त फायटर असून आयुष्यभर व्हिलनच का राहिला?

प्रश्नातला तो 'च' मला लागला म्हणून लिहितोय. ह्वांग म्हणजे हाँगकाँगच्या जुन्या कुंग-फू पिक्चरमधले ते कोरियन व्हिलन. पण १९८१ साली 'हिटमॅन इन द हँड ऑफ बुद्धा' हा पिक्चर त्यांनी स्वतः डायरेक्ट केला आणि हिरोही तेच होते. पण ते जाऊ दे, व्हिलन झाला म्हणजे माणूस कमी पडला हे कुणी ठरवलं?

मी आठवीपासून तायक्वांदो करतोय. आमच्या क्लासमधला एक मुलगा स्टेटला सिलेक्ट झाला, मी नाही झालो, मग सरांनी मला त्याच्यासमोर पॅड धरायला उभं केलं, दोन महिने, रोज संध्याकाळी. पॅड धरणं म्हणजे नुसतं उभं राहणं नसतं हो, समोरच्याचा गुडघा वर आला की तेवढ्यात ओळखायचं की किक बरगडीवर येतेय की डोक्यावर, आणि पॅड तसं फिरवायचं, नाहीतर त्याचा पाय तरी दुखावतो नाहीतर आपलं मनगट. माझं डावं मनगट थंडीत अजून ठणकतं. तो मेडल घेऊन आला, पेपरात फोटो आला, आणि काका घरात सगळ्यांसमोर म्हणाले, "तू काय, नुसता मार खायला होतास." त्याच सुट्टीत भाड्याच्या सीडीवर 'स्नेक इन द ईगल्स शॅडो' बघितला, हिरो जॅकी चॅन, व्हिलन ह्वांग. शेवटची फाईट मी मागे घेऊन घेऊन चार वेळा बघितली, जॅकी चॅनसाठी नाही, ह्वांगसाठी.

१९७८ चा पिक्चर. जॅकीचे त्याआधीचे पिक्चर चालत नव्हते, युएन वू-पिंगचं डायरेक्शनही पहिलंच. शूटिंगमध्ये ह्वांगची एक किक खरोखर लागून जॅकीचा दात गेला. त्याच वर्षी 'ड्रंकन मास्टर', समोर पुन्हा ह्वांग, आणि जॅकी स्टार झाला. आता सांगा, समोर लेचापेचा माणूस असता तर जॅकी जिंकल्याचं कुणाला काय वाटलं असतं?

आणि पाय बघा ह्वांगचे. एकच पाय, खाली न टेकवता पोटात, छातीत, तोंडावर, गुडघा खाली येतच नाही. हे कॅमेऱ्याचं काम नाही, कंबरेचं आहे. जन्म १९४४ चा, जपानमधला, आईवडील कोरियन, पुढे कोरियात सैन्यातल्या लोकांना तायक्वांदो शिकवायचे. म्हणजे आधी मास्टर, मग ॲक्टर. हाँगकाँगच्या पिक्चरमध्ये नाव झालं ते १९७६ च्या 'सीक्रेट रायव्हल्स'मधल्या सिल्व्हर फॉक्सने, पांढऱ्या केसांचा व्हिलन, आणि माझ्या मते तुमच्या प्रश्नाचं उत्तर तिथेच आहे, एकदा तो रोल चालला की प्रोड्यूसर परत परत तोच मागणार. भाषेचं म्हणाल तर तेव्हा तिकडचे पिक्चर नंतरच डब व्हायचे, त्यामुळे ती अडचण फारशी नसावी.

तुम्ही स्वतः शिकत असाल आणि घरचे म्हणत असतील की हिरो होणार नसशील तर कशाला, तर ऐकू नका. मी नाही ऐकलं. काकांचा नातू आज मंगळवार-गुरुवार माझ्याकडेच येतो आणि त्याच्यासमोर पॅड मीच धरतो.

अर्थात पिक्चरमधली फाईट ठरवून केलेली असते, मॅचमध्ये तसं चालत नाही हेही खरं. आणि हवेतल्या किकच्या नादाला लगेच लागू नका, आधी भिंतीला हात लावून एक पाय वर धरा, खाली न टेकवता सावकाश दहा किक मारा, तेवढं जमलं की मग बोलू.