पुस्तकं आणि प्रश्न : कीट्सचं इंद्रधनुष्य, वर्डस्वर्थचे पाठ

प्रश्न : मी भौतिकशास्त्र शिकवते आणि कविता आवडीनं वाचते. कीट्सच्या ‘लेमिया’त थंड तत्त्वज्ञान इंद्रधनुष्य उसवून टाकील, अशा अर्थाची ओळ आहे. ती वाचली की मन खट्टू होतं. इंग्लिश रोमँटिक कवी खरंच विज्ञानाच्या विरोधात होते का? यावर अभ्यासग्रंथ वाचायचे तर सुरुवात कुठून करू?

उत्तर : मन खट्टू करून घेऊ नका. ही ओळ नेहमी कवितेतून तोडून दाखवली जाते. आधी ती जागेवर ठेवून वाचा. ‘लेमिया’ १८२०मध्ये प्रसिद्ध झाली. सर्पिणीची स्त्री झालेली लेमिया, तिच्यावर जीव टाकणारा तरुण लिसियस, आणि लग्नाच्या मेजवानीत तिच्यावर नजर रोखून तिचं मूळ रूप उघडं करणारा त्याचा म्हातारा गुरू अपोलोनियस, अशी ही गोष्ट. गुरू बोलतो ते खरंच असतं, तरीही लेमिया नाहीशी होते आणि लिसियस मरतो. इंद्रधनुष्याची ओळ या प्रसंगाच्या तोंडावर येते. तिच्यात दुःख आहे, पण सत्य काय ते कवितेनं लपवलेलं नाही. अशा गुंत्यातून एक ओळ उचलून कीट्सवर ‘विज्ञानविरोधी’ असा शिक्का मारणं मला अन्यायाचं वाटतं.

शिवाय हा कवी शिकला होता कुठे? लंडनच्या गाइज हॉस्पिटलमध्ये. जुलै १८१६मध्ये त्यानं अपॉथेकरीची, म्हणजे त्या काळच्या औषधोपचार करणाऱ्याची, परवाना परीक्षा उत्तीर्ण केली. शरीरशास्त्राच्या व्याख्यानांची त्याची टिपणवही आजही उपलब्ध आहे. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरमध्ये त्यानं चॅपमनच्या होमरवरचं, म्हणजे चॅपमननं केलेल्या होमरच्या इंग्रजी अनुवादावरचं, सुनीत लिहिलं. पुस्तक वाचून झालेल्या आनंदाला त्यात त्यानं उपमा दिली ती नवा ग्रह दृष्टीस पडलेल्या आकाशनिरीक्षकाची. १७८१मध्ये विल्यम हर्शेलनं युरेनस शोधला होता, आणि शाळेत कीट्सला बक्षीस मिळालेलं पुस्तक खगोलशास्त्राचं होतं. तुमच्या विद्यार्थ्यांना हे सुनीत जरूर वाचून दाखवा.

दुसरी बाजूही सांगायला हवी. २८ डिसेंबर १८१७ रोजी हेडन या चित्रकाराच्या घरी जेवायला वर्डस्वर्थ, कीट्स आणि निबंधकार चार्ल्स लॅम जमले होते. न्यूटननं प्रिझम लावून इंद्रधनुष्यातली कविताच मारली, असं बोलणं तिथे निघालं आणि गणिताचा धिक्कार करत पेले उंचावले गेले. ही हकीकत हेडननं लिहून ठेवलेली आहे. मेजवानीतलं हे बोलणं आणि छापलेली कविता यांना एकाच वजनाचा पुरावा मानू नये.

आता पुस्तकं. पहिलं रिचर्ड होम्स यांचं ‘द एज ऑफ वंडर’ (२००८). होम्स मुळात चरित्रकार. हर्शेल भावंडं आणि हम्फ्री डेव्ही यांच्यावरची प्रकरणं आधी घ्या, तिथे ग्रंथ सर्वांत जिवंत आहे. डेव्ही हा रसायनशास्त्रज्ञ ब्रिस्टलमध्ये नायट्रस ऑक्साइड स्वतः हुंगून प्रयोग करत होता. कवी कोलरिजनंही तो वायू हुंगला. पुढे १८०२मध्ये कोलरिज लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्ये डेव्हीची व्याख्यानं ऐकायला बसला, त्याची टिपणंही शिल्लक आहेत. आणि मला फार आवडणारी गोष्ट अशी : ‘लिरिकल बॅलड्स’ या वर्डस्वर्थ आणि कोलरिज यांच्या कवितासंग्रहाची दुसरी आवृत्ती छापायची होती, तेव्हा वर्डस्वर्थनं ओळख नसतानाही डेव्हीला पत्र लिहून कवितांची विरामचिन्हं तपासायची विनंती केली. तो संग्रह ज्यानं नजरेखालून घातला तो रसायनशास्त्रज्ञ होता! १८०२मध्ये वर्डस्वर्थनं प्रस्तावनेत भर घातली, तिच्यात तो म्हणतो की रसायन, वनस्पती आणि खनिजं यांचे दूरचे शोधही एक दिवस कवितेचे विषय होतील.

त्यानंतर एम. एच. एब्रम्स यांचं ‘द मिरर अँड द लॅम्प’ (१९५३). मन हे समोरच्या जगाचं प्रतिबिंब दाखवणारा आरसा, की स्वतःचा उजेड जगावर टाकणारा दिवा? समीक्षेतला हा पालट एब्रम्स यांनी इतक्या धीरानं उलगडला आहे की घाईनं वाचून उपयोग नाही. तुमच्या प्रश्नाचं उत्तर विज्ञान आणि कविता यांवरच्या प्रकरणात आहे, न्यूटनच्या इंद्रधनुष्याची चर्चाही तिथेच. ते आधी वाचलंत तरी चालेल.

कवी आणि चित्रकार ब्लेकचं मात्र वेगळं आहे. त्याचा विरोध खरा, खोल आणि आयुष्यभराचा. त्याच्या १७९५च्या चित्रात न्यूटन कंपास घेऊन वाकून बसलाय, भोवतीच्या रंगीत खडकाकडे त्याचं लक्षच नाही. उलट शेलीच्या ‘द क्लाउड’मध्ये ढग बाष्पीभवनाची गोष्ट स्वतःच्या तोंडानं सांगतो. म्हणून ‘रोमँटिक कवी विज्ञानाला असं मानत’ असं सरसकट वाक्य एखाद्या पुस्तकात दिसलं, तर कोणता कवी आणि कोणतं वर्ष हे तिथेच विचारा.

प्रश्न : वर्डस्वर्थचं ‘द प्रील्यूड’ विकत घ्यायचं आहे. कुठे १८०५ लिहिलेलं असतं, कुठे १८५०. कोणतं घ्यावं?

उत्तर : दोन्ही, एकाच बांधणीत. या आत्मचरित्रात्मक दीर्घकवितेचा दोन भागांचा पाठ १७९९मध्ये तयार झाला, तेरा सर्गांचा १८०५मध्ये. चौदा सर्गांचा पाठ कवीच्या मृत्यूनंतर १८५०मध्ये छापला गेला. ‘प्रील्यूड’ हे नावही त्याच्या पत्नीनं दिलेलं. १८०५चा पाठ वाचकांपर्यंत आला तो थेट १९२६मध्ये, अर्नेस्ट डी सेलिनकोर्ट यांच्या संपादनातून.

नॉर्टन या प्रकाशनाची १९७९ची चिकित्सक आवृत्ती मिळाली तर घ्या. तिच्यात आधी १७९९चा पाठ आहे, मग १८०५ आणि १८५० समोरासमोरच्या पानांवर. पाठभेदाचं महत्त्व एका उताऱ्यावरून सांगते. आयुष्यातले काही क्षण मनाला पुन्हा उभं करतात, असं सांगणाऱ्या प्रसिद्ध ओळी १७९९मध्ये पहिल्याच भागात, बालपणाच्या आठवणींच्या मधोमध येतात. १८०५मध्ये वर्डस्वर्थनं त्या उचलून अकराव्या सर्गात नेल्या, म्हणजे फ्रेंच राज्यक्रांतीनं झालेल्या निराशेनंतर. बालपणाची जी आठवण होती ती तिथे खचलेल्या माणसाचं औषध होते. एकच पाठ हाती असलेल्या वाचकाला हा बदल कळणार कसा? वाचायला सुरुवात १७९९पासून करा. ओळी हजाराच्या आत आहेत, आणि चोरलेल्या होडीचा प्रसंग तिथेही आहेच.

प्रश्न : जॉन लिव्हिंगस्टन लोज यांचं कोलरिजवरचं ‘द रोड टू झनाडू’ १९२७चं. इतकं जुनं पुस्तक आज वाचावं का?

उत्तर : वाचावंच. कोलरिजच्या एका टिपणवहीपासून निघून लोज त्यानं वाचलेल्या प्रवासवर्णनांपर्यंत पोचतात, आणि त्याच्या ‘एन्शंट मरिनर’ या कवितेतला बर्फ, जलचर, चमकतं पाणी कोणत्या पानांतून आलं हे दाखवतात. हा शोध शिळा झालेला नाही. कवितेचा अर्थ लावण्याचं काम मात्र त्यांनी अंगावर घेतलेलं नाही, तेव्हा त्यासाठी दुसरीकडे जावं लागेल. मागच्या टिपा वगळू नका, निम्मी मजा तिथे आहे. आणि ग्रंथालयात कॅथलीन कोबर्न यांनी १९५७पासून संपादित केलेले कोलरिजच्या वह्यांचे खंड असतील तर पहिला खंड शेजारी उघडून ठेवा : त्यात मूळ नोंदी एका पुस्तकात आणि टिपा दुसऱ्यात आहेत, म्हणून मागताना दोन्ही मागा.