फुटबॉलच्या व्हिडिओ गेममध्ये सेंट्रल मिडफिल्डर (मैदानाच्या मध्यभागी खेळणारे) दोघंही ८४ रेटिंगचे, मग एकच सत्तराव्या मिनिटाला का दमतो?

कारण ८४ म्हणजे सरळ सरासरी नव्हे. ईए स्पोर्ट्सच्या फुटबॉल गेममध्ये ओव्हरऑल, म्हणजे खेळाडूचं हे एकूण रेटिंग, पोझिशननुसार ठरतं. सेंट्रल मिडफिल्डरला शॉर्ट आणि लाँग पासिंग, व्हिजन, बॉल कंट्रोल यांचं वजन सर्वात जास्त. स्टॅमिनाचं, म्हणजे दमाचं, किरकोळ, आणि वेग तर जवळपास धरतच नाहीत. त्यामुळे पासिंगवर ८४ गाठलेला गडी पळायला कासव निघतो.

खरी फसगत ‘फिजिकल’ची, म्हणजे खेळाडूच्या कार्डवरच्या शारीरिक ताकदीच्या आकड्याची. त्यात निम्मा वाटा स्ट्रेंग्थचा (जोर), स्टॅमिनाचा फक्त पाव. धिप्पाड खेळाडूचा फिजिकल ८० दिसतो आणि आत स्टॅमिना ६५ असू शकतो. तेव्हा कार्डवरचे सहा आकडे सोडा, खेळाडूचा पूर्ण तपशील उघडा. बॉक्स-टू-बॉक्स, म्हणजे आपल्या गोलपासून समोरच्या गोलपर्यंत सतत पळणारा, खेळवायचा असेल तर माझ्या मते स्टॅमिना ८५ च्या खाली नकोच. बचावासाठी घेत असाल तर इंटरसेप्शन (समोरच्याचा पास मधेच अडवणं) आणि स्टँडिंग टॅकल (उभ्यानेच बॉल हिसकावणं) बघा. नुसत्या ‘डिफेन्डिंग’च्या आकड्यावर जाऊ नका, त्यात हेडिंगही (डोक्याने बॉल मारणं) मिसळलेलं असतं.

बाकी नाशिकच्या कॉलेज रोडवरच्या कॅफेत मित्रांशी खेळताना स्प्रिंटचं बटण दाबूनच ठेवलं, वर प्रेसिंगही (बॉल असलेल्या खेळाडूवर धावून जाणं) सतत चालू, तर ९० स्टॅमिनावालाही धापा टाकणारच. साठाव्या मिनिटाला बदली करा.