कमिशनरचा अहवाल विरोधात गेला, आता काय?

प्रश्न : वकीलताई, यजमान गेल्यावर चुलतदिराने बांध कोरत कोरत आमच्या गटातली सहा गुंठे जमीन आत घेतली. मी तालुक्याच्या कोर्टात दावा लावला. कोर्टाने भूमी अभिलेखच्या मोजणीदाराला कमिशनर नेमलं. मोजणीची नोटीस मला आलीच नाही. ते येऊन गेल्याचं शेजाऱ्यांकडून कळलं. अहवालात लिहिलंय, ‘अतिक्रमण दिसून येत नाही. सदर जागा प्रतिवादीच्या जुन्या वहिवाटीत आहे.’ बाभळीखालचा हद्दीचा दगड त्यांनी बघितलासुद्धा नाही. सगळे म्हणतात, सरकारी मोजणी झाली, दावा गेला. खरं का?
– एक वाचक भगिनी, सोलापूर जिल्हा

उत्तर : ताई, दावा गेलेला नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 26, नियम 10 प्रमाणे हा अहवाल दाव्यातला एक पुरावा आहे, आणि पुरावा खोडून काढता येतो. त्यासाठी अहवालावर लेखी हरकत दाखल करायची. ‘अहवाल मान्य नाही’ एवढ्या एका ओळीची हरकत मात्र देऊ नका. कोर्ट विचारणार, चुकलं कुठे ते दाखवा.

आधी अहवाल, नकाशा, पंचनामा आणि नोटिशीची पोच यांच्या नकला काढा. नोटीस तुमच्या वकिलांच्या हाती पडली होती का, हेही विचारा. पडली असेल तर तो मुद्दा लंगडा होतो.

खरी मेख मोजणीच्या सुरुवातीत आहे. आजचा बांध धरून मोजलं, तर कोरलेला बांधच हद्द ठरतो आणि अतिक्रमण दिसणारच नाही! मोजणी मूळ टिपण (म्हणजे जुन्या सरकारी मोजणीच्या वेळी मापं लिहून काढलेलं रेखाटन) आणि गटाच्या नकाशावरून व्हायला हवी. जुन्या टिपणात मापं साखळी-आण्यांत असतात, 33 फुटांची साखळी, तिचे 16 आणे. ती नक्कल मागवून अहवालाच्या नकाशाशेजारी ठेवा. आणि चुलतदिराचा गट मोजला का, ते बघा. तुमचे सहा गुंठे गेले असतील तर त्यांच्याकडे सातबाऱ्यापेक्षा जास्त क्षेत्र भरायला हवं. त्यांचा गट न मोजता ‘अतिक्रमण नाही’ हे कशावरून लिहिलं?

वहिवाटीचं ते वाक्य तर मला फारच खटकलं. कमिशनरने जागा मोजावी, बांध, विहीर, झाडं जशी आहेत तशी नकाशात दाखवावीत. ताबा कोणाचा, कधीपासून, हे साक्षीपुराव्यावर कोर्ट ठरवतं. हरकतीत त्या वाक्याला स्वतंत्र मुद्दा द्या.

हरकतीबरोबरच कमिशनरला साक्षीला बोलावण्याचा अर्ज करा. कोर्टाच्या परवानगीने त्यांना उघड न्यायालयात प्रश्न विचारता येतात. माझ्या एका पक्षकाराच्या दाव्यात मी मोजणीदाराला विचारलं, ‘साहेब, सुरुवातीचा बिंदू कोणता धरलात?’ ते बराच वेळ नकाशावर बोट फिरवत राहिले आणि मग म्हणाले, ‘प्रतिवादींनी दाखवला तो.’ त्या दाव्यात पुन्हा मोजणी झाली. अहवालाने समाधान झालं नाही तर आणखी चौकशीचा आदेश कोर्ट देऊ शकतं, तीही मागणी अर्जात घाला. अर्ज फेटाळला गेला तरी हरकत दप्तरी राहते. उद्या निकाल विरोधात गेला तर अपिलात तो मुद्दा घेता येतो. भूमी अभिलेखच्या वरिष्ठांकडे मात्र हेलपाटे घालू नका. मोजणी कोर्टाच्या हुकमाने झाली आहे, तेव्हा दादही कोर्टातच मागायची.

आणि ताई, त्या बाभळीखालच्या दगडाचं याच आठवड्यात बघा. भोवतालचं गवत काढून फोटो घ्या, विहिरीच्या कठड्यापासून दगडापर्यंत टेप लावून अंतर लिहून ठेवा. शेजारच्या गटातलं एखादं जुनं माणूस तो दगड ओळखत असेल, तर त्यांना साक्षीसाठी आजच विचारा. नांगरटीत एकदा का तो दगड उपटला गेला, तर तो कुठे होता हे सांगणं फार अवघड होईल.