जमैकातल्या सरे काउंटीचा कारभार कोण पाहतं? तिथे काउंटी कौन्सिल असते का?

नाही, सरे काउंटीला स्वतःचं कौन्सिल नाही; कारभार तिच्यातल्या पॅरिशकडे, म्हणजे जिल्ह्यासारख्या छोट्या प्रशासकीय विभागांकडे असतो. १७५८ मध्ये बेटाचे सरे, मिडलसेक्स आणि कॉर्नवॉल असे तीन भाग पाडले, ते मुख्यतः न्यायालयांच्या सोयीसाठी. नावं इंग्लंडमधल्या काउंटींची, पण तिथल्यासारखी काउंटीची स्थानिक सत्ता इथे नाही. एकूण १४ पॅरिशपैकी पूर्वेकडच्या सरेत चार येतात: किंग्स्टन, सेंट अँड्र्यू, सेंट थॉमस आणि पोर्टलँड. देशातलं सर्वांत उंच ब्लू माउंटन शिखर (२,२५६ मीटर) सेंट थॉमस आणि पोर्टलँडच्या हद्दीवर, म्हणजे सरेतच आहे.

एक गोष्ट मात्र लक्षात ठेवा, कारण इथे बहुतेकांची गल्लत होते. पॅरिश चार असल्या तरी महापालिका तीनच आहेत. किंग्स्टन आणि सेंट अँड्र्यू यांचा स्थानिक कारभार १९२३ मध्ये एकत्र केला गेला, तो आजही एकाच महापालिकेकडे आहे. सेंट थॉमसचा कारभार मोरँट बेहून चालतो आणि पोर्टलँडचा पोर्ट अँटोनिओहून. त्यामुळे पत्ता किंवा जुना दस्त शोधत असाल तर काउंटीवर थांबू नका, पॅरिशचं नाव मिळवा.