उंदरांची गर्दी, दाटी की झुंबड?

प्रश्न आहे प्राण्यांच्या वर्तनाचे अमेरिकन अभ्यासक जॉन कॅल्हून यांच्या उंदरांवरच्या प्रयोगांबद्दलच्या एका लेखाच्या अनुवादाचा. 'क्राउडिंग'ला गर्दी म्हणायचं की दाटी? आणि 'बिहेवियरल सिंक' या कॅल्हून यांच्याच संज्ञेला 'वर्तनाचा ऱ्हास' चालेल का?

आधी एक किरकोळ गोष्ट. 'उंदरांची लोकसंख्या' लिहू नका. लोक नाहीत हो ते! नुसतं 'संख्या' पुरे.

आता मुद्द्याचं. कॅल्हून यांचा 1962 सालचा गाजलेला लेख नीट वाचला तर दाटी हे उंदरांच्या दुर्दशेचं निम्मंच कारण आहे. त्यांनी खोलीचे चार कप्पे केले, ये-जा करायला छोटे पूल ठेवले. टोकाच्या कप्प्यांना एकच वाट, मधल्या दोघांना दोन-दोन. खाणं-पाणी चारही ठिकाणी. तरी खायच्या वेळी ऐंशीतले साठपर्यंत उंदीर एकाच कप्प्यात जमत. कारण खाद्य कडक गोळ्यांचं आणि जाळीमागे होतं. कुरतडायला वेळ लागे, त्यामुळे खाताना शेजारी कुणीतरी असायचंच. पुढे सोबत असल्याशिवाय खाणंच नको, अशी सवय जडली. प्रयोगांच्या दुसऱ्या मालिकेत पटकन खाता येणारी भुकटी दिली, तेव्हा हा प्रकार झाला नाही.

म्हणजे जागेच्या मानाने जीव जास्त, ती दाटी. जागा असूनही सगळे एकाच ठिकाणी लोटतात, ती झुंबड. लेखात दोन्ही शब्द लागतील, मात्र अदलाबदल नको. 'गर्दी' दोन्हीकडे चालते, म्हणूनच इथे ती बिनकामाची.

'सिंक'चंही उत्तर यातच आहे. 'ऱ्हास' हा परिणाम झाला. माद्या घरटं अर्धवट सोडत, पिल्लं हलवताना वाटेतच टाकून देत. सर्वाधिक बिघडलेल्या गटांत 96 टक्क्यांपर्यंत पिल्लं दगावली. पण कॅल्हून यांच्या लेखी सिंक म्हणजे जनावरं प्रमाणाबाहेर एकत्र गोळा करणाऱ्या प्रक्रियेची परिणती. त्या शब्दाला येणारा घाणेरडा वास मुद्दाम ठेवलाय, असंही ते सुचवतात. मोरी इथे नको, मोरीतून पाणी वाहून जातं. मी 'वर्तनाचं डबकं' लिहीन. सगळं येऊन साचतं आणि तिथेच कुजतं. ऐकायला ओबडधोबड आहे खरं, पण 'वर्तन-गर्ता' वाचून कुणाच्या नाकाला रुमाल जाणार नाही.

जाता जाता, कॅल्हून यांच्याच 1968 साली सुरू झालेल्या 'युनिव्हर्स 25' प्रयोगातले 'ब्यूटिफुल वन्स', म्हणजे बाकीच्यांपासून अलिप्त राहणारे नर. हे उंदीर लहान जातीचे, पण म्हणून त्यांना चिचुंद्री म्हणू नका, तो प्राणीच वेगळा. यांना 'नटवे' म्हणण्याचा मोह होईल, कारण ते खाणं, झोपणं आणि अंग चाटूनपुसून साफ करणं एवढंच करत. पण त्यांचं रूप टिकलं ते मारामाऱ्यांत न पडल्यामुळे. अंगावर एक ओरखडा नाही. तेव्हा साधं 'देखणे' ठेवा.